सातबाऱ्यावर वीस नावं, चिखलात एक माणूस

ठाकूरद्वारच्या नाक्यावरून फणसवाडीकडे वळावं. ज्या चाळी अजून उभ्या आहेत त्यांतल्या बऱ्याच घरांत, पत्र्याच्या ट्रंकेत नाहीतर कपाटाच्या वरच्या खणात, दोन कागद जपून ठेवलेले असतात. एक खोलीची भाडेपावती आणि दुसरा गावच्या जमिनीचा सातबारा. भाडेपावतीवर एकच नाव असतं. सातबाऱ्यावर कधी आठ, कधी वीस, कधी चाळीस. त्यांतले निम्मे गिरगावात, काही डोंबिवली-विरारला, एखादा दुबईत, दोघंतिघं केव्हाच वारलेले आणि एक गावात.

कोकणातलं गाव म्हटलं की गणपती, शिमगा, आंबा-फणस आणि डोळ्यांत पाणी, हे भरपूर लिहून झालेलं आहे. इथे प्रश्न त्यापेक्षा कोरडा आहे. मालक तीनशे किलोमीटरवर राहतो, वर्षातून दोनदा जातो आणि तरीही पिढ्यान्‌पिढ्या त्याच्या नावच्या खाचरात भात पिकतं. हे चालतं कसं? आणि जिथे बंद पडतं, तिथे नेमकं काय तुटतं?

समजा राजापूर किंवा लांजा तालुक्यात एक एकर भातजमीन आहे, म्हणजे ४० गुंठे. ती एका तुकड्यात नसते. उतारावर पायऱ्यापायऱ्यांनी उतरणारी दहा-बारा खाचरं मिळून ती एकरभर होते. त्या खाचरांचं वर्ष जूनमध्ये नाही, फाल्गुन-चैत्रात सुरू होतं. रोपं जिथे करायची तो तुकडा आधी भाजावा लागतो. त्यालाच राब म्हणतात. खाली शेणाचा थर, त्यावर ऐन-किंजळीची तोडून वाळवलेली कवळं, मग पालापाचोळा आणि गवत, सगळ्यांत वर बारीक माती. आग लावायची ती वारा जिकडे जातो त्या टोकाला, म्हणजे ती वाऱ्याविरुद्ध हळूहळू सरकते आणि जमीन नीट तापते. तणाचं बी जळतं, राखेतून पालाश मिळतं, माती भुसभुशीत होते. या तिसऱ्या गोष्टीचं महत्त्व पुढे रोपं उपटताना कळतं, कारण भाजलेल्या जमिनीतलं रोप मुळं न तुटता सहज हातात येतं. दापोलीचं कोकण कृषी विद्यापीठ १९७२ साली स्थापन झालं. तिथल्या शास्त्रज्ञांचा राबाला आक्षेप असतो तो मुख्यतः शेण आणि पाला जाळून वाया घालवण्याला, आणि तो रास्तही आहे. पण गादीवाफ्यात तण हाताने काढायला माणसं लागतात, आणि गावात नेमकी तीच नाहीत. राब टिकला आहे तो यामुळेही.

रोहिणी नक्षत्र २५ मेच्या सुमारास लागतं आणि मृग ७-८ जूनला. या दोहोंच्या मध्ये कोरड्या मातीत बी पेरतात. पाऊस झाला की तरवा, म्हणजे लावणीची रोपं, उगवतो आणि एकवीस ते पंचवीस दिवसांत लावणीला येतो. तोवर आर्द्रा लागलेलं असतं, खाचरं भरलेली असतात. मग चिखलणी. पूर्वी नांगराच्या बैलजोड्या असत, आता बहुतेक ठिकाणी भाड्याचा पॉवर टिलर. चिखलणी केवळ जमीन मऊ करण्यासाठी नसते. कोकणची तांबडी, जांभ्याची माती पाणी धरत नाही. वरून तीन-साडेतीन हजार मिलिमीटर पाऊस पडला तरी ती ते खाली सोडून देते. पाण्यात माती घुसळली की बारीक कण खाली बसतात, भेगा बुजतात आणि खाचराला तळ मिळतो. त्या तळावर पाणी उभं राहिलं की तणाचा श्वास कोंडतो. भाताचं रोप मात्र देठातल्या पोकळ्यांतून मुळांपर्यंत हवा पोचवतं, म्हणून ते तगतं.

लावणी जवळून पाहण्यासारखी असते. तरवा उपटून मुळं पाण्यात झटकतात, मुठी बांधतात आणि चिखलात अंतराअंतरावर फेकून ठेवतात. मग बायका एका रांगेत वाकून मागे मागे सरकत लावत जातात. एका जागी दोन-तीन रोपं, अंगठा आणि दोन बोटांनी, जेमतेम दोन पेरं खोल. नवशिक्या मुंबईकराला खाचरात उतरवलं की तो रोप पडू नये म्हणून मुठीएवढं खोल खुपसतो. ते पडत नाही, पण फुटवेही धरत नाही. मागून येणारी बाई काही न बोलता ते उपटून वर लावते. उशीर झाला तरी हाच तोटा. महिना-दीड महिना वाफ्यात राहिलेलं रोप लावल्यावर आधीच वय झाल्यासारखं वागतं, फुटवे कमी देतं. म्हणजे जूनच्या अखेरीपासून जुलैच्या मध्यापर्यंतचे काही दिवस असे असतात की तेव्हा माणसं हवीतच.

आता गिरगावची रजा पाहा. ती गणपतीत असते. भाद्रपदात भात पोटरीत असतं नाहीतर निसवत असतं. बेणणी उरकलेली, कापणी महिनाभर लांब. शेताला तेव्हा कोणाचीच गरज नसते. हिरव्या शेतापुढे उभा राहून फोटो काढणारा मुंबईकर शेताच्या दृष्टीने पाहुणाच. मुंबईत गिरण्या सुरू झाल्या १८५० च्या दशकात, आणि त्यानंतर बराच काळ रत्नागिरीचा गडी लावणीला गावी पळायचा. मालक त्याला गैरहजेरी म्हणायचे. गिरणीतल्या बदली कामगारांच्या पद्धतीला या येण्याजाण्याचाही आधार होता. बँकेत, छापखान्यात, सरकारी कचेरीत लागलेल्या गिरगावकराला ती मुभा नव्हती. तेव्हापासून माणसाच्या जागी मनीऑर्डर जाऊ लागली, आणि आज फोनवरून पैसे जातात. पैशाने टिलर येतो, मजूरही येतो, पण आठवड्याभरात सगळ्या गावाची लावणी असताना तो आपल्याकडे आधी येईल असं नाही.

आणखी एक गोष्ट पैशाने होत नाही, ती म्हणजे बांध. उतारावरच्या खाचरांत पाणी वरून खाली एकातून दुसऱ्यात जातं. बांधाला एक तोंड ठेवलेलं असतं, त्यातून जादा पाणी खालच्या शेजाऱ्याला मिळतं. खेकडे बांध पोखरतात, म्हणून पावसाच्या आधी बांध लिंपायचा आणि पाऊसभर रोज एक फेरी मारायची. समजा मधली दोन खाचरं मुंबईकरांची आहेत आणि पडीक पडली. दोन पावसाळ्यांत तिथला बांध फुटतो. पाणी एका जागी धो धो वाहून जातं, खालच्याच्या शेतात माती येऊन पडते, मग पुढे पाणीच टिकत नाही. वर रान माजतं, त्यात रानडुकरं येतात. ज्याने स्वतःचं शेत कधी पडीक टाकलं नाही, त्याचंही हळूहळू पडीक पडतं. माझ्या मते कोकणातल्या पडीक जमिनीचं खरं दुखणं हे आहे. ती एकेकट्याची राहत नाही, उतारावरून खाली पसरते.

हाच खेळ पृथ्वीच्या दुसऱ्या बाजूला, हवाई बेटांवर, अळूच्या शेतीत दिसतो. आपण ज्याची पानं अळूवडीला आणि फदफद्याला वापरतो तीच ही वनस्पती. शास्त्रीय नाव कोलोकेशिया एस्क्युलेंटा. आपल्याकडे ती न्हाणीच्या सांडपाण्यावर परसात वाढते. तिकडे ती मुख्य अन्न आहे, तिला कालो म्हणतात, आणि तिचा कंद उकडून, कुटून पोई करतात. मूळ हवाई लोकांच्या कथेत वाकेआ आणि होओहोकूकालानी यांचं पहिलं बाळ मृत जन्मलं. ते जमिनीत ठेवलं तिथे कालो उगवला. दुसरं बाळ जगलं, त्याला थोरल्याचंच हालोआ हे नाव दिलं, आणि माणसं त्याचे वंशज. म्हणजे अळू हा घरातला थोरला भाऊ. पोईचं भांडं उघडं असताना घरात भांडायचं नाही, असा त्यांचा जुना दंडक. आपल्याकडे जमिनीची भांडणं नेमकी गणपतीच्या पंगतीत सुरू होतात, ते सोडा.

कालोच्या खाचराला लोई म्हणतात. भातासारखंच तेही पाण्याने भरलेलं, उतारावर एकाखाली एक. फरक इतका की तिथे पाणी सतत वाहतं आणि गार हवं. साचून तापलं की कंद कुजतो. डोंगरातल्या ओढ्यातून पाटाने पाणी आणायचं, एकेका लोईतून फिरवायचं आणि उरलेलं परत ओढ्याला द्यायचं. कापणीच्या वेळी कंद कापून घेतात, पण देठासकट वरचा शेंडा पुन्हा त्याच चिखलात रोवतात. त्यामुळे खापरपणजोबांनी लावलेलं झाड, शब्दशः तेच झाड, खापरपणतू खातो. हे सगळं बिघडलं ते उसामुळे. ओआहू बेटावर १९१६ साली पुरा झालेल्या वायाहोले कालव्याने पावसाळी बाजूच्या ओढ्यांचं पाणी डोंगराखालून कोरड्या बाजूच्या उसाकडे वळवलं. खालचे लोई सुकले. साखर कंपनी बंद पडली तेव्हा ते पाणी कोणाचं, यावर मोठा खटला झाला, आणि हवाईच्या सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २००० मध्ये पाणी ही जनतेची ठेव असल्याचं तत्त्व उचलून धरलं. वरच्याने काय केलं त्यावर खालच्याचं पीक, हे त्यांना कोर्टात जाऊन मांडावं लागलं. आपल्याकडे वरचा ठाकूरद्वारला असतो आणि त्याने काहीच केलेलं नसतं.

मग गावातला तो एक माणूस शेत का करतो? बहुधा तो चुलतभाऊ असतो, नाहीतर शेजारवाडीतला अर्धेली. अर्धेलीचा हिशेब जुना आहे. जमीन मालकाची, मेहनत कसणाऱ्याची, पीक निम्मं-निम्मं. खोतीच्या काळात भाताचं अर्धेल आणि वरकस पिकाचं तिर्धेल सारा वसूल करणाऱ्या खोताच्या घरी जायचं. खोतीविरुद्ध चरी गावच्या शेतकऱ्यांनी नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली १९३३ पासून वर्षानुवर्षं संप केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १७ सप्टेंबर १९३७ रोजी खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं आणि जानेवारी १९३८ मध्ये शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत आणला. खोती कायद्याने गेली १९४९ साली. त्याआधी १९४८ चा कूळ कायदा आला होता, आणि १ एप्रिल १९५७ या कृषकदिनी कसणारी कुळं मालक मानली गेली. गिरगावच्या एकाच वाडीत, एकाच जिन्यावर, खोताचे नातू आणि त्यांच्या कुळांचे नातू शेजारी राहतात. एकाच्या घरी या कायद्याचं दुःख आहे, दुसऱ्याच्या घरी त्यामुळेच सातबारा आहे.

त्या कायद्याची सावली अजून शेतावर आहे. दुसऱ्याची जमीन कायदेशीरपणे कसणारा माणूस मालकाच्या कुटुंबातला नसेल, पगारी गडी नसेल आणि ताबेगहाणदारही नसेल, तर त्याला कूळ मानता येतं. म्हणून मुंबईकर मालक कधीच लिहून देत नाही. सगळं तोंडी. कसणाऱ्यालाही पुढच्या वर्षाची खात्री नसते, मग तो बांधावर, खतावर, मातीवर जास्त खर्च का करील? काही मालक भीतीने जमीन कोणालाच देत नाहीत. ती पडीक राहते, पण ‘आपली’ राहते. मला हा व्यवहार महागाचा वाटतो. गावात कसायला माणूसच उरलेला नसताना कूळ लागण्याची भीती बाळगणं म्हणजे रिकाम्या घराला तीन कुलपं लावणं आहे. हल्ली बऱ्याच ठिकाणी मालकाला अर्धेलही नको असतं. नुसतं कसून खा, बांध तेवढा राख.

पैशाचा हिशेब पाहिला तर त्याचं नवल वाटत नाही. एक एकर चांगल्या हंगामात साधारण दहा क्विंटल भात देते. २०२४-२५ चा हमीभाव साध्या भाताला क्विंटलला २,३०० रुपये होता. म्हणजे २३ हजार रुपये, आणि त्यातून टिलर, बी, खत, लावणीची आणि कापणीची मजुरी. दसरा-दिवाळीच्या मधल्या कापणीत परतीचा पाऊस आडव्या पडलेल्या लोंब्यांवर आला की दाणा शेतातच मोड धरतो. उरलेलं भात झोडायचं, पेंढ्यांची उडवी रचायची, गिरणीतून तांदूळ करून आणायचा. त्यातला अर्धा मण गिरगावात येतो. ठाकूरद्वारच्या घरात ‘गावचा तांदूळ’ म्हणून त्याची पेज होते आणि तो कौतुकाने पुरवून पुरवून खाल्ला जातो. नफ्यासाठी हे कोणी करत नाही.

मग सातबाऱ्यावरचं नाव कोणी सोडत का नाही? एक कारण जिव्हाळ्याचं, दुसरं रोखठोक. महाराष्ट्रात शेतजमीन विकत घ्यायची तर साधारणपणे आधी शेतकरी असावं लागतं. कूळ कायद्याचं कलम ६३ तसं सांगतं. दोन गुंठ्यांच्या हिश्शावर बँकेतला अधिकारी कागदोपत्री शेतकरी राहतो आणि उद्या कर्जतला जमीन घेऊ शकतो. तो हक्क कोण सोडेल?

नावं वाढतात कशी ते पाहा. आजोबांच्या नावावर ४० गुंठे. मागे तीन मुलगे, दोन मुली. हिस्सा आठ-आठ गुंठे. ती पाचही माणसं गेली, प्रत्येकाला चार वारस, आता वीस नावं आणि दोन-दोन गुंठे. हा हिस्सा जमिनीवर कुठे आहे? कुठेच नाही. सातबारा सामाईक असतो, प्रत्येक खाचरात प्रत्येकाचा अंश. वेगळं करायचं तर महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदाराकडे वाटप मागता येतं, पण तुकडेबंदीचा १९४७ चा कायदा ठरावीक क्षेत्राहून लहान तुकडा पाडू देत नाही. शिवाय या मार्गाला सगळ्यांची संमती हवी. बहिणींचा प्रश्न यातच येतो. महाराष्ट्राने १९९४ साली आणि देशाने २००५ साली मुलींना वडिलार्जित मालमत्तेत मुलाइतका हक्क दिला. तरी आरतीनंतर एखादा भाऊ हळूच हक्कसोडपत्राचा कागद काढतो, आणि बहीण माहेरचा गणपती तुटू नये म्हणून सही करते. तिच्या दोन गुंठ्यांना भाव नाही असं सांगितलं जातं. हायवेजवळ त्यांना भाव असतो.

वीस नावांमुळे जमीन विकली जात नाही, असा गावाकडे समज आहे. तो अर्धाच खरा. कोणीही सहहिस्सेदार आपला अविभक्त हिस्सा विकू शकतो, आणि घेणारा मग वाटपाचा दावा लावू शकतो. हिंदू वारसा कायद्याचं कलम २२ सहवारसांना आधी विकत घेण्याची संधी देतं, पण ती मागायला वेळेत कोर्टात जावं लागतं. याबाबतीत हवाईचा अनुभव पाहण्यासारखा आहे. तिथे १८४८ साली जमिनीची राजा, सरदार आणि सरकार यांच्यात वाटणी झाली. १८५० च्या कायद्याने सामान्य माणसाला तो कसत असलेला तुकडा मागता आला. मिळाली एकूण जमिनीच्या एक टक्क्याहून कमी. या तुकड्यांना कुलेआना म्हणतात. आज एकेका तुकड्याला शेकडो वारस आहेत आणि कित्येकांना आपण वारस आहोत हेच ठाऊक नाही. कोणी एक-दोन हिस्से विकत घेतो, मग मालकी निश्चित करण्याचा दावा लावतो. न आलेले वारस बाद होतात. काउआई बेटावरच्या आपल्या मिळकतीच्या आतल्या अशा तुकड्यांसाठी मार्क झुकरबर्गने २०१६ च्या अखेरीस असे दावे लावले होते, आणि बोभाटा झाल्यावर जानेवारी २०१७ मध्ये मागे घेतले. तिथे वारस आरडाओरडा तरी करू शकले.

तेव्हा ज्यांचा सातबारा ट्रंकेत आहे त्यांनी आधी तो नवा काढावा. डिजिटल सहीचा उतारा घरबसल्या मिळतो. सोबत आठ-अचा खातेउतारा आणि शेवटचे दोन-तीन फेरफार वाचावेत. मेलेल्या माणसांची नावं तशीच असतील तर वारसनोंद राहिलेली आहे. ती माणूस गेल्यापासून तीन महिन्यांत कळवायची असते. उशीर झाला तरी होते. मृत्यूचा दाखला आणि सर्व वारसांची नावं-पत्ते असलेलं प्रतिज्ञापत्र तलाठ्याकडे द्यायचं, बहिणींसकट. ई-हक्क प्रणालीतून अर्ज मुंबईतूनही करता येतो. सहा-क च्या वारसरजिस्टरला नोंद होते, मग फेरफार पडतो, हरकतीसाठी पंधरा दिवसांची नोटीस निघते, आणि मंडळ अधिकारी तो मंजूर करतो. कसणाऱ्या भावाला बांधासाठी वर्षाला ठरावीक रक्कम देण्याचं वीसही जणांनी एकदा ठरवून टाकावं. ती रक्कम देणं पंगतीतल्या चर्चेपेक्षा सोपं आहे.

एक नोंद मात्र ठाकूरद्वारहून होत नाही. सातबाऱ्यातल्या बारा नंबरच्या नमुन्यात दर हंगामाला कोणतं पीक आहे ते लागतं. २०२१ पासून शेतकऱ्याने ते स्वतः मोबाइलच्या ई-पीक पाहणीत भरायचं असतं, शेतात उभं राहून, पिकाच्या फोटोसकट. फोनचं ठिकाण शेताशी जुळावं लागतं. ते कोणी केलं नाही आणि गावातल्या सहायकानेही भरलं नाही, तर त्या हंगामाचा रकाना कोरा राहतो, मग नुकसानभरपाई आणि हमीभावाची खरेदी दोन्हीला अडचण येते. त्यामुळे ऑगस्टमध्ये गावच्या भावाला फोन करून विचारायचं ते एवढंच: पाहणी लावलीस का, आणि कोणाच्या खात्यावर?